तोळाभर पाखराचं नाव

पत्र

ताई, स. न. वि. वि.

माझं वय ६३, सांगलीला असते. लेक ब्रिस्टलला आहे. जावई तिथलाच, इंग्रज. स्वभावानं सोन्यासारखा, त्याच्याबद्दल काही म्हणणं नाही. लेकीला सातवा लागलाय, डिसेंबरअखेरची तारीख दिली आहे. मुलगा की मुलगी ते दोघांनीही डॉक्टरांना विचारलं नाही, पण नाव मात्र आत्ताच पक्कं करून बसलेत: रेन. डब्ल्यू-आर-ई-एन. मुलगा झाला तरी रेन, मुलगी झाली तरी रेन. अर्थ विचारला तर म्हणाली, 'आई, पक्षी असतो एक, चिमणीहून लहान, तपकिरी.' एवढी शिकलेली माणसं, आणि नाव कुठलं तर चिमणीहून बारीक पाखराचं! त्यात पोरगा की पोरगी तेही नावावरून कळू नये? जाऊबाई म्हणाल्या, 'दुसरं झालं की रेनकोट ठेवा.' बारशाला लोकांना काय अर्थ सांगू? यावरून लेकीशी फोनवर दोनदा वाजलं. माझ्या आईचं नाव माणिक होतं. मुलगी झाली तर तेच ठेवावं असं मनात होतं, पण ते असो. मी काय करू?

– एक होऊ घातलेली आजी

उत्तर

प्रिय आजी,

होऊ घातलेल्या असलात तरी हाक आतापासूनच मारते, सवय होऊ दे.

जाऊबाईंचा रेनकोट वाचून मी हसले, खोटं कशाला बोलू. पण हा विनोद एकदाच चालतो. बारशाला त्या तो पुन्हा करणार, तेव्हा तुमच्याकडे सांगायला काहीतरी हवं. ते मी देते. कारण हे पाखरू मी पाहिलंय.

पाहिलंय म्हणण्यापेक्षा आधी ऐकलंय. लेकाकडे लीड्सला दोन हिवाळे काढले, तेव्हाची गोष्ट. सकाळचे आठ वाजून गेले तरी उजाडायचं नाही आणि दुपारी चारच्या आत दिवेलागण. अशाच एका सकाळी सिंकपाशी भांडी विसळत उभी होते. खिडकीबाहेर परसातलं कुंपण, त्यावर पांढरं दंव, झाडं सगळी खराटे झालेली. जिवंत म्हणून काही दिसत नव्हतं. आणि एकदम असा खणखणीत आवाज सुटला की मला वाटलं, शेजाऱ्यांचा गजर वाजतोय. भराभरा सूर, मधेच एक लांबलचक थरथरती तान, की पुन्हा सूर. हात पुसून बाहेर बघते तर कुंपणाच्या बुडाशी वाळक्या पाल्यात उंदरासारखं काहीतरी तुरुतुरु पळालं. मग ते एका काटकीवर चढलं. सुपारीएवढं गोल अंग, शेपटी सरळ वर उभी, चोच उघडी, आणि गाताना शेपटीच्या टोकापर्यंत सगळं थरथरत होतं. सुनेनं मागून डोकावून पाहिलं. 'रेन आहे तो, आई. रोज येतो,' म्हणाली आणि चहा ठेवायला गेली. तिला त्याचं काही नाही, आपल्याला कावळ्याचं नसतं तसं.

त्याचं वजन भरतं नऊ-दहा ग्रॅम. आपल्या सराफाच्या भाषेत सांगायचं तर एक तोळा. शेपटीसकट लांबी नऊ-दहा सेंटिमीटर. आणि ब्रिटनमध्ये वीण करणाऱ्या पक्ष्यांत हाच संख्येनं सगळ्यांत जास्त. दिसत नाही म्हणून लोकांना वाटतं कमी आहे. बाकीचे बहुतेक पक्षी हिवाळ्यात गप्प असतात, हा बारा महिने गातो. तेव्हा लेकीनं तुम्हाला अर्थ सांगितला तो खरा आहे, पण अर्धाच. 'लहान, तपकिरी' हे त्याचं वर्णन झालं. तिकडच्या माणसाच्या मनात मात्र रेन म्हटलं की आधी उमटतो तो अंगापेक्षा मोठा आवाज.

आणि गंमत म्हणजे हा तोळाभर जीव युरोपात राजा आहे. जर्मन भाषेत त्याच्या नावाचा अर्थ 'कुंपणाचा राजा', डचमध्ये 'हिवाळ्याचा राजा'. त्यामागची गोष्ट अशी. पक्ष्यांचं ठरलं की जो सगळ्यांत उंच उडेल तो राजा. गरुड एकेकाला मागं टाकत वर गेला. पंख थकले, आता आणखी वर जाणं नाही असं झालं, तेव्हा त्याच्या पिसांत दडून बसलेला रेन बाहेर आला आणि हातभर वर उडाला. झाला राजा! गोष्ट फार जुनी आहे, प्लुटार्क या प्राचीन ग्रीक लेखकानं ती इसापच्या नावावर सांगितली आहे. लबाडी आहे का? आहे. पण आपल्या सशानं सिंहाला विहिरीत घातलं तेव्हा आपण टाळ्याच वाजवल्या ना?

हे राजेपण नाण्यावरही आलं. ब्रिटनमध्ये फार्दिंग म्हणून सगळ्यांत लहान नाणं असे. चार फार्दिंगांची एक पेनी, ९६० फार्दिंगांचा एक पौंड. आपली दमडीच म्हणा. १९३७ पासून १९५६ पर्यंत जे फार्दिंग पाडले त्यावर हा रेन आहे, शेपटी वर करून. १९६० संपताना ते नाणं चलनातून गेलं, पण जुन्या वस्तूंच्या बाजारात अजून मिळतं आणि फार महाग नसतं. एका बाजूला देशाचा राजा (शेवटच्या काही वर्षांच्या नाण्यांवर राणी), दुसऱ्या बाजूला पाखरांचा राजा. जावयाला सांगून एखादं मागवून घ्या. बारशाला ताटात ठेवता येईल आणि रेनकोटाला परस्पर उत्तर मिळेल.

आता मुलगा-मुलगीचं. तुमच्या पत्रात खरा राग इथं आहे, असं मला वाटलं.

गोष्टीत तो राजा, पण इंग्रजी बालगीतांत आणि बोलण्यात हेच पाखरू 'जेनी रेन' असतं. जेनी म्हणजे बाई. तिचा नवरा रॉबिन. म्हणजे तिथल्या लोकांनी शेकडो वर्षं एकाच पाखराला राजाही म्हटलं आणि जेनीही, आणि त्यात कुणाला अडचण वाटली नाही. नर-मादी दिसायला सारखेच, त्यामुळे पाखराकडून खुलासा होण्याची शक्यता नाही.

त्याच्या घरातला कारभार तर बघण्यासारखा. वसंत आला की नर शेवाळ, वाळका पाला, गवत जमवून घुमटासारखी घरटी बांधतो. एक नाही, पाच-सहा, कधी त्याहून जास्त. मग मादीला एकेक दाखवत हिंडतो आणि बाहेर बसून गातो. ती आत जाते, बाहेर येते, नापसंत करते. एखादं पटलं की त्यात पिसांचं मऊ अस्तर घालून संसार मांडते. बांधणारा तो, पसंती तिची. (कधी कधी उरलेल्या घरट्यात तो दुसरा संसारही मांडतो. हे मात्र बारशाला सांगू नका.)

तुम्ही म्हणाल, हे तिकडचं झालं. आपल्याकडे बघा की. विहिरीवर लोंबणारं ते देखणं घरटं विणणाऱ्या पक्ष्याला आपण काय म्हणतो? सुगरण. नाव बाईचं, आणि विणतो तो नर! मादी येऊन फक्त पारख करते. पिढ्यान्‌पिढ्या आपण त्या बाप्याला सुगरण म्हणत आलो आणि कुणाच्या मिश्या खाली झाल्या नाहीत.

माणसांतही हे नाव दोन्हीकडे गेलेलं आहे. आडनाव म्हणून रेन जुनंच. अंगानं बारक्या माणसाला गावानं चिडवायला ठेवलेलं असावं, जशी आपल्याकडची निम्मी आडनावं पडली. त्या आडनावाचा सगळ्यांत मोठा माणूस सर ख्रिस्तोफर रेन. १६६६ च्या आगीत लंडन जळालं, त्यानंतर शहरातली पन्नासावर चर्चं आणि सेंट पॉलचं कॅथीड्रल त्यानं उभं केलं. कॅथीड्रलचं काम १६७५ ला सुरू झालं आणि १७१० ला संपलं. नव्वद वर्षं जगला आणि १७२३ मध्ये त्याच इमारतीच्या पोटात त्याला पुरलं. थडग्यावर लॅटिनमध्ये लिहिलंय त्याचा मतलब असा, की याचं स्मारक शोधत असाल तर आजूबाजूला बघा. तोळाभर पाखराच्या आडनावाला एवढं पुरे.

दुसरीकडे १९१७ साली ब्रिटिश नौदलानं बायकांची शाखा काढली. तिची इंग्रजी आद्याक्षरं डब्ल्यू-आर-एन-एस. लोकांनी मधे एक स्वर सरकवला आणि त्या बायका झाल्या 'रेन्स'. दुसऱ्या महायुद्धात ब्लेचली पार्कला जर्मनांचे गुप्त संदेश फोडणारी जी अवाढव्य यंत्रं रात्रंदिवस चालत, ती चालवायला याच रेन्स असायच्या, पाळ्यापाळ्यांनी, घरी एक अक्षर न बोलता. त्यांच्या धर्तीवर भारतीय नौदलातही बायकांची शाखा निघाली. त्यातल्या कल्याणी सेन १९४५ मध्ये ब्रिटनला जाऊन आल्या, सैन्यसेवेतली तिकडे गेलेली पहिली भारतीय स्त्री म्हणून त्यांची नोंद आहे. फोटो आहे त्यांचा, साडीतला. लेकीला दाखवा, तिलाही बहुधा ठाऊक नसेल.

एक गोष्ट चांगली नाही, ती मीच सांगते, म्हणजे बाहेरून कळायला नको. आयर्लंडमध्ये २६ डिसेंबरला 'रेन डे' असतो. पूर्वी त्या दिवशी पोरं या पाखराला मारून, काठीला बांधून, आपली पोरं होळीची पोस्त मागतात तशी घरोघर पैसे मागत फिरायची. 'पाखरांचा राजा' म्हणून गाणं म्हणायची आणि त्यालाच मारायची. आता मारत नाहीत. गवताचे पोशाख घालून, वाजवत-गात मिरवणूक काढतात, पक्षी खोटा असतो. तुमच्या लेकीची तारीख त्याच सुमाराची आहे म्हणून सांगितलं. बाळ नेमकं २६ ला झालं आणि एखादा आयरिश शेजारी हसला तर का हसला ते तुम्हाला ठाऊक असेल.

नावावरून स्वभाव सांगणारी पानं इंटरनेटवर ढिगानं आहेत. 'या नावाची मुलं स्वतंत्र वृत्तीची, कलासक्त, मित्रपरिवार मोठा' वगैरे. लेकीनं पाठवलं असेल तर सोडून द्या. आमच्या गल्लीत एक शांताकाकू होत्या. त्यांचा आवाज नाक्यापर्यंत जायचा.

राहिला 'चिमणीहून बारीक' हा मुद्दा. आजी, आपण कधीपासून मोठ्या जनावरांची नावं ठेवायला लागलो? हिवरे बाजार ज्यांनी उभं केलं आणि ज्यांना २०२० ला पद्मश्री जाहीर झाली, ते पोपटराव पवार. त्यांचं नाव घेताना कुणाला पिंजरा आठवतो का? १७३९ मध्ये पोर्तुगीजांकडून वसईचा किल्ला घेणारे चिमाजी अप्पा, त्या नावाच्या मुळाशी चिमणा, म्हणजे लहानगाच. भारतरत्न महर्षी कर्वे यांचं नाव धोंडो, आणि ते जगले एकशेचार वर्षं. दगडू, धोंडू, केरबा अशी नावं आपल्या लोकांनी मुद्दाम ठेवली, पोराला दृष्ट लागू नये म्हणून. त्या हिशेबानं रेन म्हणजे श्रीमंती झाली.

रेन आपल्या महाराष्ट्रात नाही, हिमालयात आहे. पण साहेब लोक इकडे आले तेव्हा त्यांना आपल्या झुडपांत एक पाखरू दिसलं. एवढंसं, शेपटी वर करून नाचणारं, सारखं बडबडणारं. त्यांना घरची आठवण झाली असणार, कारण जुन्या इंग्रजी पक्षिपुस्तकांत त्याचं नाव 'रेन वॉर्ब्लर' असं पडलंय. मराठीत तोच वटवट्या. नात्यानं दोघं लांबचे, पण वृत्ती जवळची. तुमच्या सांगलीत नदीकाठच्या उसात, झाडोऱ्यात शोधलात तर सापडेल. लेकीच्या निवडीवर राग आला की जाऊन त्याला बघून या. (वटवट्या हे लाडाचं नाव म्हणून वाईट नाही, पण लेकीला इतक्यात सुचवू नका. दोनदा वाजलंय ना!)

आता नावाच्या खऱ्या अडचणी सांगते, कारण त्या आहेत आणि तुमच्या पत्रात त्या नाहीत.

पहिली, उच्चार. डब्ल्यू नुसता लिहायचा. जुन्या इंग्रजीत तो उच्चारत, आता शोभेला आहे. आणि 'ए' तोकडा. पेन म्हणताना जेवढा लावतो तेवढाच. आपण तो ट्रेनसारखा ओढला की झाला पाऊस, आणि जाऊबाईंचा रेनकोट तिथूनच निघाला. आपल्या लिपीत दोन्ही 'रेन' असेच लिहावे लागतात, त्यामुळे सांगलीत तो पाऊस होणारच. आठवडाभर तोकडा 'ए' म्हणायचा सराव करा. नातवंडाला पहिली हाक नीट मारायची आहे तुम्हाला.

दुसरी, स्पेलिंग. ते नाव आयुष्यभर फोनवर 'डब्ल्यूपासून' असं सांगावं लागणार. ही कटकट खरी आहे, पण ती तुमच्या आडनावाची तिकडे रोज होत असेल, त्याहून जास्त नाही.

तिसरी जरा विचार करण्यासारखी. लेकीला वाटतंय की नाव दोघांनाही चालतं. चालतं, पण इंग्रजीत अशी नावं एका बाजूला कलंडत जातात आणि बहुतेक वेळा मुलींकडे. एव्हलिन हे पूर्वी पुरुषांचंही असे. एव्हलिन वॉ नावाच्या लेखकानं १९२८ मध्ये लग्न केलं ते एव्हलिन नावाच्याच बाईशी, आणि मित्रमंडळी त्यांना तो-एव्हलिन, ती-एव्हलिन म्हणायची. सिनेमातला तो रांगडा जॉन वेन, त्याचं पाळण्यातलं नाव मॅरियन! आज एव्हलिन किंवा मॅरियन म्हटलं की बाईच डोळ्यांपुढे येते. रेनही त्याच वाटेवर आहे. अमेरिकेत २०१३ पासून ते मुलींच्या पहिल्या हजार नावांत आलंय, मुलग्यांत विरळ. म्हणजे मुलगा झाला आणि रेन ठेवलं, तर तो पंचवीस वर्षांचा होईपर्यंत त्याला 'मिस रेन' म्हणून पत्रं येऊ लागतील, असं होऊ शकतं. एवढा एक मुद्दा लेकीपुढे ठेवा. 'बारीक पाखराचं' म्हणून भांडाल तर ती ऐकणार नाही. हा मुद्दा ठेवला तर निदान थांबून विचार करेल. आणि तरी म्हणाली 'चालेल', तर मग चालू द्या. किरण मोरे विकेटमागे उभे राहायचे आणि किरण बेदी पोलिसात, दोघांचंही काही अडलं नाही.

एक आणखी. मुलगा की मुलगी ते त्यांनी विचारलं नाही म्हणता. आपल्याकडे १९९४ च्या कायद्यानं ते विचारायचीच सोय नाही, तिकडे विचारलं तर सांगतात. म्हणजे सांगायला तयार असताना त्यांनी न विचारणं पसंत केलं. मला विचाराल तर हे फार गोड आहे. आणि त्यांच्यापेक्षा आपण नशीबवान, कारण आपल्या भाषेत याची सोय आहे. इंग्रज बाई पोटातल्या बाळाला 'तो' म्हणू की 'ती' म्हणू यात अडकते, 'ते' म्हटलं तर वस्तू होते. आपण केव्हापासून म्हणतोय: बाळ आलं, लेकरू झोपलं, पिल्लू हसलं. पाखरूही 'ते'च. फोनवर लेकीला विचारताना सरळ म्हणा, 'आमचं रेन काय म्हणतंय?' बघा तिला कसं वाटतं ते.

आता माणिक.

'पण ते असो' लिहून तुम्ही पुढे गेलात. मी नाही गेले. तुमचं अख्खं पत्र रेनबद्दल आहे आणि दुखणं त्या एका ओळीत. आईचं नाव पुढे जायला हवं होतं, आणि ती जागा एका परक्या पाखरानं घेतली. मग त्याचा रंग तपकिरी असला काय आणि सोनेरी असला काय, ते आवडणार नव्हतंच.

पण एक सांगा, 'मुलगी झाली तर माणिक' असं का लिहिलंत? माणिक वर्मा गायला बसल्या की ते नाव बाईचं होतं. कवी ग्रेस यांचं खरं नाव माणिक गोडघाटे, तिथं ते पुरुषाचं. आणि माणिकप्रभूंच्या पादुका तर तुमच्या ओळखीतल्या कुणाच्या तरी देवघरात असतीलच. ज्या नावावरून पोरगा की पोरगी कळत नाही म्हणून तुम्ही लेकीवर चिडलात, तसलंच एक नाव तुम्ही स्वतः मनात धरून बसलात! आणि माणिक हा शब्दही 'ते माणिक' असाच, पाखरासारखा.

तिकडे मधलं नाव वडिलांचंच हवं असा दंडक नाही. आईबाप म्हणतील ते मधे येतं. इंग्लंडमध्ये जन्माची नोंद ४२ दिवसांच्या आत करायची असते, तेव्हा वेळ भरपूर आहे. 'रेन माणिक' आणि पुढे जावयाचं आडनाव. मुलगा झाला तरी, मुलगी झाली तरी. एक तोळ्यात मोजायचं, दुसरं रतीत. मात्र हे मागताना अट घालू नका. 'तुमचं रेन मला मान्य, माझं माणिक तुम्ही घ्या' असा सौदा केलात तर लेक देईलही, पण ते सौद्याचंच राहील. तुमच्या आईची एखादी गोष्ट सांगा आधी. लेकीनं पणजीएवढी म्हातारी झालेली आजीच पाहिली असेल, तरुणपणची माणिक तिला कुठून ठाऊक असणार? नाव आपोआप येतं का बघा. नाहीच आलं, तर बारशात ते घ्यायला कुणाची परवानगी लागत नाही. आपल्याकडे देवतेचं, महिन्याचं, नक्षत्राचं आणि व्यवहाराचं अशी चार-चार नावं ठेवतात. त्यात एका माणिकची गर्दी होत नाही.

बारसं तिकडेच होणार असेल तर एक तयारी करा. कानात नाव सांगायचा मान आत्याचा, म्हणजे इथं जावयाच्या बहिणीचा. तिला 'कुर्रर्र' शिकवायला वेळ लागेल, आतापासून व्हिडिओ कॉलवर सुरू करा. रेन ती बिनचूक म्हणेल. ताम्हणात तांदूळ पसरून अंगठीनं नाव लिहायचं ते तुम्ही लिहा, देवनागरीत.

फोन आजच लावा. आपल्याकडे रात्रीचे नऊ म्हणजे तिकडे सध्या दुपारचे साडेचार. पहिल्या वाक्यात नावाचा विषय नको. खिडकीबाहेर काही गातंय का, एवढंच विचारा.